दोरी बांधलेला दगड

नंदूची एक खोड मला त्या दिवशी सकाळपासून खुपत होती. मी बोलले की तो माझं बोलणं छाटायचा. मी त्या गाईड पोरीला म्हणाले, "बाई, तुमचं घर रस्त्यावरून बघितलं तर बसकं दिसतं, पण दार ओलांडलं की त्याचा पसारा कळतो. आणि ह्या लाकडांना तेल देता की काय? आमच्या माहेरच्या देवळाचे खांब अस्सेच काळेभोर होते." एवढं सगळं बोलले, आणि नंदू त्यावर दोन शब्द बोलला. दोनच. ती पोरगी हसली, कमरेत वाकली, झालं.

"काय सांगितलंस तिला?"

"छान आहे म्हणून सांगितलं."

"आणि देवळाचं?"

"आई, ते त्यांना कळायचं नाही."

"कळायचं नाही हे तू कोण ठरवणार? मी बोलायचं, तू पोचवायचं. गवळ्यानं वाटेतच अर्धी चरवी पिऊन टाकावी तसं चाललंय तुझं."

तो खाली बसून माझ्या चपलांचे पट्टे सोडायला लागला. त्या दारात चपला काढायच्या, पायरी चढायची, तिथं ठेवलेल्या सपाता घालायच्या, मग चटईच्या खोलीपाशी त्याही काढायच्या. आणि मोरीला जायचं तर तिथं आणखी वेगळ्या. मी म्हटलं, देवाच्या गाभाऱ्यातसुद्धा इतकं सोवळं नसतं.

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. माझे गुडघे गेले, डोळ्यांचं ऑपरेशन झालं. पण ते घर अजून मला खोलीन् खोली आठवतं.

आम्ही इचलकरंजीचे खारगे. चौथीत असताना माझी शाळा सुटली आणि न्हाणं आलं तसं लग्न झालं. तात्या, म्हणजे माझे मालक, नंदू शाळेत असतानाच गेले. त्यांच्यामागं मागांचा कारखाना मी चालवला. कामगार मला आक्का म्हणायचे आणि मी आत पाऊल टाकलं की तंबाखू मळणारे हात खाली जायचे. नंदूला मी कापडाचं इंजिनिअर केलं. नव्या मागांचं शिकून येतो म्हणून तो जपानला गेला. एक वर्षाचा वायदा होता. एकाची तीन झाली, तिनाची पाच झाली. फोन केला की म्हणायचा, एवढं काम संपलं की येतो. शेवटी मीच म्हटलं, तू येत नाहीस तर मी येते आणि कान धरून घेऊन जाते. आयुष्यात पहिल्यांदा विमानात बसले ती मुलाला परत न्यायला. त्याच्यासाठी मुलगीही बघून ठेवली होती, हातकणंगल्याची, शिक्षिका. परतीची दोन तिकिटं काढ असं मी त्याला बजावलं होतं. तो म्हणाला, "आई, एकदा इथलं एक जुनं घर बघ. मग तू म्हणशील तसं."

म्हणून आम्ही त्या गावी आलो. समुद्राच्या काठचं गाव, मागं डोंगर. रेशमाच्या व्यापाऱ्यांचं मोठं थोरलं घर, हिराओका नावाचं. बाग, तळं, धान्याचं नि रेशमाचं कोठार. लोक आधी वेळ ठरवून बघायला येतात, असं नंदू म्हणाला. "पण आज फक्त आपण दोघंच. तुझ्यासाठी खास सांगून ठेवलंय."

"माझ्यासाठी कशाला एवढा खटाटोप? कोल्हापूरचा राजवाडा बघितलाय मी."

"बघ तर खरं," तो म्हणाला. सकाळपासून त्याचा चेहरा परीक्षेला निघालेल्या पोरासारखा होता.

गाईड पोरगी वेशीसारख्या मोठ्या दारातच उभी होती. नाव सायो. तिशीची असेल. गोल चेहरा, नाकी डोळी नीटस, अंगावर राखी रंगाचं रेशीम. मी आधी कापड बघते, माणूस मागनं. रेशीम हातमागाचं होतं, उंची होतं. म्हटलं, गाईडांना इथं पगार बरा दिसतो. दाराच्या वरच्या कौलांच्या टोकांना गोल चकत्या होत्या नि त्या प्रत्येकीवर एकच ठसा. तीन पानं, देठाशी देठ लावलेली. "हे काय?" म्हणून विचारलं.

"घराण्याची खूण आहे," नंदू म्हणाला. त्यानं तिला विचारलंसुद्धा नाही.

घर दाखवायच्या आधी तिनं आम्हाला बागेत नेलं. सपाट दगडांची वाट होती, एकेका पावलाला एक दगड. पुढं त्या वाटेला दोन फाटे फुटले. उजवीकडची वाट तळ्याकडं जात होती. डावीकडच्या वाटेवर बरोबर मधोमध एक गोल दगड ठेवला होता. नारळाएवढा, गुळगुळीत, आणि त्याला काळी दोरी चारी अंगांनी आवळून वर गाठ मारलेली.

मी लगेच ओळखलं. वाटेवरचा देव. आमच्याकडं शेताच्या बांधावर असतोच की असा, दगडाला शेंदूर फासलेला. परक्या मुलुखात असलो तरी देवाला ओलांडून जायचं नसतं. माझ्या बटव्यात जोतिबाचा गुलाल होता, पुडी सोडली, चिमूट घेतली, दगडाला लावली आणि हात जोडले. "माझं लेकरू सुखरूप घरी ने रे बाबा," असं मनात म्हटलं.

"आई! अगं काय करतेस!" नंदू ओरडलाच. "देव नाहीये तो!"

"मग कोण आहे? दोरीनं कुणी उगीच दगड बांधत नाही."

"खूण आहे ती. दोरी बांधलेला दगड ठेवला की समजायचं, पाहुण्यांनी इथून पुढं यायचं नाही. पुढं घरच्यांची जागा."

"मग पाटी लावावी. बरं देव नाही तर नाही, गुलालानं काय झिजला का तो?"

नंदू खिशातला रुमाल काढून दगड पुसायला वाकला. त्या सायोनं त्याची बाही धरून त्याला थांबवलं. मग स्वतः उकिडवी बसली, गुलालाला बोटाचं टोक लावलं, बघितलं, आणि त्या दगडाला तिनंही हात जोडले. पोरगी शहाणी होती. पण गाईडनं गिऱ्हाइकाची बाही धरावी हे मला जरा खटकलं. म्हटलं, असेल इथली पद्धत.

त्या दगडी वाटेवर माझा गुडघा बोलायला लागला होता. नंदूच्या ते ध्यानात आलं. तो तो दगड सरळ ओलांडून डावीकडच्या वाटेनं घरामागं गेला आणि एक बांबूची काठी घेऊन आला.

"मला थांबायला सांगतोस नि तू खुशाल जातोस?"

"त्यांना विचारलं मी," तो म्हणाला. विचारताना मला काही तो दिसला नव्हता.

घराच्या पडवीत नारिंगी रंगाची फळं सोलून, दोरीला ओवून वाळत टांगली होती. झेंडूच्या माळाच लावल्यात असं वाटावं. नंदू त्यांच्या खालून जाता जाता एकेक फळ दोन बोटांनी हलकंच दाबत गेला. कुठलं नरम आलंय ते बघावं तसं. मी त्याच्या हातावर चापट मारली.

"लोकांच्या वस्तूला हात लावू नये. एवढं शिकवलंय मी."

सायो तोंडावर बाही धरून हसली. आत शिरताना दारावरची तुळई खाली होती. मी ठेंगणी, मला काही झालं नाही. नंदू उंच आहे, बापावर गेलाय. तो माझ्याशी बोलत बोलत, मान मागं वळवून आत शिरला आणि वर न बघता बरोबर त्या जागी डोकं खाली घातलं. आमच्या इचलकरंजीच्या घरात मागच्या दाराला अशीच चौकट आहे. तिथं तो असाच वाकतो. पाहुणे वाकत नाहीत, पाहुण्यांना लागतं.

हे सगळं मला दिसत होतं. दिसलेलं समजायला मात्र मन तयार असावं लागतं, आणि माझं मन परतीच्या विमानात जाऊन बसलेलं.

कोठार बघितलं, स्वैपाकघर बघितलं, चूल तर आमच्या सासूच्या वेळची वाटावी अशी होती. मग एका मोठ्या खोलीत नेलं. तिथं छताच्या अगदी खाली, चौकटींच्या वर, फोटो ओळीनं लावले होते. हे घर ज्यांनी चालवलं ते कर्ते पुरुष. सायो एकेकाचं सांगायला लागली. आणि काय आश्चर्य, आता नंदू एकही शब्द गाळीना. सावकाश, नीट, मला समजेल असं सांगायला लागला.

"हे पहिले. ह्यांनी रेशमाचा धंदा सुरू केला. हे त्यांच्यानंतरचे, ते बाहेरून आलेले."

"बाहेरून म्हणजे?"

"घराला मुलगा नव्हता, मुलगीच होती. मग जावयालाच दत्तक घेतलं. त्यानं या घराचं नाव लावलं आणि घर पुढं चालवलं. हे चौथे, हेसुद्धा तसेच. आणि हे शेवटचे. यांनाही मुलगीच."

"म्हणजे घरजावई."

"नाही गं. घरजावयाला कुठं मान असतो? इथं तो मुलगाच होतो घरचा. आपल्याकडं नाही का, तात्या—"

"तात्यांचं नाव यात घेऊ नकोस." माझा आवाज चढला. सायो दचकली. "तात्या दिवट्यांच्या पोटचे, खारग्यांच्या घरात आले. खरं आहे. पण ते कुणा पोरीचा पदर धरून आले नव्हते. खारग्यांना मूलबाळ नव्हतं, त्यांनी रीतसर मागणी घातली. रेंदाळच्या सासूबाईंनी, म्हणजे तात्यांच्या सख्ख्या आईनं, भरल्या मांडवात, सगळ्या भावकीसमोर, स्वतःच्या ओंजळीनं पाणी सोडलं. रडत होती माउली, पण पाणी सोडलं. मग खारग्यांनी त्यांना नवे कपडे घातले. तेव्हा तात्या खारगे झाले. आणि म्हणूनच मरेपर्यंत दर दिवाळीला ताठ मानेनं रेंदाळला जात होते, आईच्या हातचं पहिलं उटणं लावून घ्यायला."

"आणि आईनं पाणी सोडलंच नसतं तर?"

"तर दत्तक झालंच नसतं. पोर पोटात तिनं वाढवलंय, द्यायचं का नाही तिनंच ठरवायचं."

मग मी त्या फोटोंकडं बघितलं आणि मला हसू आलं. एकेकाच्या मिशा काय, बसणं काय! "बायकोचं आडनाव लावायचं आणि बायकोच्याच भिंतीवर टांगून घ्यायचं! असला मुलगा दिला तरी कुठल्या आईनं? तिला काय पोर जड झालं होतं, का दावणीचं जनावर होतं ते?"

नंदूनं तोंड उघडलं. हे मला पक्कं आठवतं. त्यानं तोंड उघडलं, माझ्याकडं बघितलं, सायोकडं बघितलं, आणि मिटून घेतलं. सायोनं त्याला हळूच काही विचारलं. तो दोन शब्द बोलला.

"काय म्हणाली ती?"

"तू काय म्हणालीस ते विचारलं."

"मग काय सांगितलंस?"

"फोटो आवडले म्हणून."

नंतर चहा. चहाची खोली मागच्या अंगाला, तळ्याच्या बाजूला होती. तिथं माझ्याच वयाची एक बाई आमची वाट बघत बसली होती. घराची मालकीण, नंदू म्हणाला. केस पांढरे, पाठ सरळ, आणि अंगावर काळं रेशीम, छातीवर नि बाह्यांवर तीच तीन पानांची खूण. कपड्याच्या घड्या अजून मोडल्या नव्हत्या, कापराचा वास येत होता. पेटीच्या तळातलं, लग्नाकार्याला काढायचं वस्त्र. बघायला आलेल्या परक्या माणसांना चहा पाजायला कुणी असलं वस्त्र काढत नाही. तिच्या कपाळाकडं, हातांकडं बघून मला उगीच वाटलं, हिचाही गेलाय. बाईला बाईचं कळतं.

तिनं मला खोलीतल्या मानाच्या जागी बसवलं. माझ्या पाठीमागं कोनाड्यात चित्र होतं, खाली एक फूल. माझ्यासाठी बुटकं स्टूल आणून ठेवलं होतं, मी ते बाजूला सारलं. खाली बसायला मला कुणाची मदत लागत नव्हती तेव्हा. सायो मालकिणीच्या शेजारी बसली. आणि नंदू माझ्याजवळ न बसता त्यांच्या ओळीला बसला, सायोच्या पलीकडं.

"इकडं ये की."

"दुभाष्यानं इकडं बसायचं असतं, आई."

चहा हिरवा, फेसाळ, जाड वाडग्यात. कडू जहर. आधी एक गोड वडी दिली होती म्हणून निभावलं. वाडगं खाली ठेवलं तशी ती बाई हातभर पुढं सरकली, दोन्ही हात चटईवर टेकले आणि बोलायला लागली.

बराच वेळ बोलली. नंदूकडं एकदाही बघितलं नाही, सारखी माझ्याकडं बघत होती. मध्येच थांबली, पुन्हा बोलली. सायोची मान खाली. तळ्यात एखादा मासा उसळला की तेवढाच आवाज.

ती थांबली. मी नंदूकडं बघितलं.

"काय म्हणतात?"

"विचारतात, चहा कसा वाटला. घर आवडलं का."

"एवढंच? एवढा वेळ बोलली की ती."

"त्यांच्यात फिरवून फिरवून बोलतात, आई."

"बरं. सांग, चहा कडू आहे पण घर लाखात एक आहे. आणि म्हणावं, एवढ्या मोठ्या घरात बायाच राहता, जपून राहा."

नंदू त्या बाईकडं वळला आणि बोलायला लागला. माझी गाडाभर वाक्यं सकाळपासून दोन शब्दांत गुंडाळणारा माझा मुलगा आता थांबेचना. मध्येच त्याचा आवाज चिरकला. त्या सगळ्या बोलण्यात मला एकच ओळखीचा शब्द लागला, खारगे. पाठोपाठ हिराओका.

"चहाच्या गोष्टीत आपलं आडनाव कशाला रे?"

"तू कोण, कुठली, ते सांगितलं." त्याच्या कपाळावर घाम होता. थंडीत.

बाईचे डोळे भरून आले. तिनं पुन्हा मला काही विचारलं. आता एकच वाक्य, अगदी सावकाश. आणि उत्तराची वाट बघत राहिली.

"आई, आता फक्त खाली वाकून हो म्हण," नंदू म्हणाला. "निघायच्या आधीची रीत आहे इथली."

"हात टेकून?"

"हात टेकून."

मी हात टेकले, वाकले आणि खणखणीत "हो" म्हटलं. कुणाच्या घरी गेलं की त्यांची रीत पाळावी. त्यात मला कधी कमीपणा वाटला नाही.

त्या बाईनं कपाळ चटईला टेकवलं ते वर घेईचना. खांदे हलत होते तिचे. सायोसुद्धा तशीच वाकली. चहा कडू म्हटल्याबद्दल कुणी एवढं रडत नाही. मी गोंधळून बघत राहिले. मग सायो उठली, मागच्या कपाटातून कापडात गुंडाळलेलं काही काढलं आणि उलगडलं. पुरुषी झगा, काळ्या रेशमाचा, पाठीवर तीन पानं. तो तिनं नंदूच्या खांद्यावर चढवला. तो उभा राहिला तेव्हा बाही बरोबर मनगटाशी आली, खांदा खांद्यावर बसला. तयार कपडा नंदूला कधी होत नाही, त्याचे हात लांब आहेत. हा मापं घेऊन शिवलेला होता.

मग सायो माझ्यापुढं येऊन बसली, हात टेकले, आणि माझ्या भाषेत बोलली. सकाळपासून पहिल्यांदा. एकेक शब्द सुटा, अंधारात जिना उतरताना पाय चाचपून टाकावा तसा.

"आई. तुमचा मुलगा. आम्हाला दिलात. फार उपकार. मी त्यांना जपेन."

नंदू तिच्याकडं बघत राहिला. हे त्यानं शिकवलेलं नव्हतं. त्याच्या नकळत, मला आनंद व्हावा म्हणून तिनं पाठ केलं होतं. तो पांढराफटक पडला. तिला वाटलं, आपलं काही चुकलं. तिनं पुन्हा म्हटलं, "दिलात. उपकार."

मी ओरडले नाही. कारखान्यात मी कुणालाही ओरडायची, पण त्या खोलीत माझा आवाज खालीच राहिला.

"नंदू, मी कशाला हो म्हटलं?"

"आई, इथं नको. त्या बघतायत."

"बघू देत. त्यांना कुठं कळतंय? तेवढी सोय तू केलीसच आहेस. ती बाई काय म्हणाली? सगळं सांग. आता एक अक्षर खाल्लंस तर याद राख."

तो त्या झग्यात अवघडून उभा होता. चटईकडं बघत म्हणाला, "म्हणाल्या, मीही एकटी बाई आहे, नवरा गेल्यावर हे घर मी सांभाळलं. दुसऱ्या एकट्या बाईजवळ मुलगा मागायची मला लाज वाटते. पण माझ्या मुलीनं याला निवडलंय आणि या घराला नाव लावायला कुणी नाही. तुम्ही नाही म्हणालात तर मी एक शब्द बोलणार नाही, त्याला आजच तुमच्याबरोबर पाठवीन. हो म्हणालात तर दरवर्षी तुमच्या सणाला मी स्वतः त्याला तुमच्या घरी पाठवीन."

"आणि पुन्हा काय विचारलं? शेवटी?"

"विचारलं, खरंच मनापासून देता का."

"आणि मी काय म्हणाले होते? चहा कडू आहे, त्याचं काय केलंस तू?"

तो झग्याची बाही मुठीत चुरगाळायला लागला.

"नंदू."

"म्हणालीस... आमच्याकडंही दत्तकाची रीत आहे. माझे पतीही असेच दुसऱ्या घरात आले होते. मी आनंदानं देते."

आनंदानं.

ती म्हातारी अजून मान खाली घालून बसली होती. पोरगी माझ्या तोंडाकडं बघत होती, हसावं का रडावं कळत नसल्यासारखी. एका शब्दात मी ते सगळं मोडू शकत होते. शब्दाचंही काम नव्हतं, नुसती मान हलवली असती तरी पुरे होतं. म्हातारीनं सांगूनच ठेवलं होतं, आजच पाठवीन. तो आलाही असता माझ्यामागनं, गाडीत बसला असता, विमानात बसला असता.

मी त्या बाईजवळ गेले. तिच्या कोपरांना धरून तिला वर उठवलं. तिनं मागितलं होतं, तोंडानं, हात टेकून, जसं मागावं तसं. रेंदाळला खारग्यांनी तरी याहून वेगळं काय केलं होतं? मग मी बटव्यातली पुडी काढली आणि त्या पोरीच्या कपाळाला गुलाल लावला. तिनं डोळे मिटून घेतले. चटईवर थोडा सांडला.

पाण्याचं भांडं माझ्या हाताशीच होतं, चहाचं, बांबूची पळी घातलेलं. नंदू त्या पळीकडं बघत होता, मग माझ्या हाताकडं. मी पळीला हात लावला नाही.

बाहेर आले. माझ्या चपला मीच घातल्या, पट्टे मीच लावले. पडवीतल्या फळांखालून गेले, दगडी वाटेनं गेले, काठी तिथंच टाकली. तो मागनं धावत येत होता. मला येताना घराला वळसा घालून आणलं होतं, आता तो जवळच्या वाटेनं आला, डावीकडच्या. मी फाट्यापाशी पोचले तेव्हा तो दोरी बांधलेल्या दगडापलीकडं होता आणि मी अलीकडं. गुलाल होता तसाच होता.

"आई, थांब. ऐकून तरी घे."

"बोल."

"मी सांगणारच होतो तुला. कितीदा ठरवलं. त्या फोटोंखालीसुद्धा सांगणार होतो. पण तू काय बोललीस आठव. जनावर म्हणालीस. तुझ्यापुढं कुणाचं तोंड उघडतं का? तात्यांचं तरी कधी उघडलं?" तो रडत होता, झग्याच्या बाहीनं नाक पुसत होता, लहानपणी सदऱ्याच्या बाहीनं पुसायचा तसा. "खरं सांग. मी सरळ विचारलं असतं तर तू हो म्हणाली असतीस?"

"नसते म्हणाले."

"मग? मी काय करायला हवं होतं?"

"विचारायला हवं होतं. मी नाही म्हटलं असतं. तुझ्या सात पिढ्या काढल्या असत्या. त्या बाईच्या चटईवर डोकं आपटून घेतलं असतं, गावी जाऊन तुझ्याशी वर्षभर अबोला धरला असता. आणि मग एखाद्या दिवाळीला, उटणं काढलं की, माझ्याच हातानं पाणी सोडलं असतं. सासूबाईंनी सोडलं तसं, रडत. ते भांडण माझं होतं नंदू, ते रडणंही माझं होतं. तेवढंसुद्धा तू मला करू दिलं नाहीस. माझ्या तोंडात बसून तूच बोललास, तूच हो म्हणालास."

"आई, मी येईन. दर दिवाळीला येईन. त्यांनी कबूल केलंय."

तो दगड ओलांडायला पुढं आला. मी हात वर केला तसा तिथंच थांबला.

"नाही. तिथंच राहा. तुझ्या बापाला येता येत होतं, त्याला त्याच्या आईनं दिला होता. तुला मी दिलेला नाही. त्या बाईनं चोरला नाही, पोरीनं चोरला नाही. माझ्या घरातला मुलगा माझ्या मुलानंच चोरून नेलाय, आणि चोराला मी दिवाळीचं उटणं लावत नाही."